सत्तावीस वर्षं पडलेला माणूस

माझा नवरा सत्तावीस वर्षं पडतोय.

घाबरू नका, पोटासाठी पडतोय. पिक्चरमध्ये हिरो एकट्याने आठ जणांना लोळवतो ना, त्या आठांतला एक आमचा श्रीरंग. जिन्यावरून गडगडणारा, काचेतून आरपार जाणारा, भाजीच्या गाडीवर आपटून वांगी उधळणारा. धंद्यात त्यांना फाइटर म्हणतात. कराटेचे, तलवारीचे, जंगलातल्या टोळीचे, हिंदी, मराठी, भोजपुरी, सगळे मिळून दीडशेच्या वर पिक्चर झाले असतील. त्यातल्या एकातही तो जिंकलेला नाही. एकातही त्याने तोंडातून ‘आह’ सोडून दुसरा शब्द काढलेला नाही. माणिकपूरच्या आमच्या बिल्डिंगमधले अर्धे लोक अजून समजतात की तो कुरिअरमध्ये आहे.

तर गेल्या मार्चमध्ये एका सकाळी मी कंपनीत होते आणि स्टॅनीचा फोन आला. स्टॅनी हा श्रीरंगचा लहानपणापासूनचा जोडीदार. दोघं चर्चच्या हॉलमधल्या क्लासात एकत्र कराटे शिकले, काळा पट्टा एकाच दिवशी मिळवला. आता तो फाइट मास्टरचा असिस्टंट आहे.

“वहिनी, आत्ताच्या आत्ता निघ. श्री पडतोय.”

“मग? त्यात नवीन काय?”

“अगं, आज पडायचं नाहीये त्याला!”

हे ऐकून मी हातातली चलनं टेबलावर टाकली आणि साहेबांना न विचारताच निघाले. कारण त्या दिवशी काय पणाला लागलंय ते मला ठाऊक होतं.

ऋतिका नावाची एक तिशीची मुलगी मराठीत मार्शल आर्टचा पिक्चर करत होती. कामणच्या डोंगराखाली सेट लावला होता. हिरो वेदांत, नवा, देखणा. त्यात एक म्हातारे गुरुजी आहेत. त्यांच्याकडे शिकलेला हा हिरो वाया जातो आणि एक दिवस संतापून त्यांच्याच झोपडीवर चालून येतो. गुरुजी दारात उभे राहतात. तो छातीवर तीन ठोसे मारतो. गुरुजी हलत नाहीत. तिसऱ्या ठोशानंतर एवढंच म्हणतात, “झाले तीन. आता बस, जेवून जा.” आणि त्या पोराचं आतून पाणी होतं. सगळा पिक्चर या एका जागेवर उभा आहे, असं ऋतिकाचं म्हणणं.

तिला नट नको होता, खरा शिकलेला माणूस हवा होता. स्टॅनीने श्रीरंगचं नाव सुचवलं. तिने त्याला एकदा उभं केलं, केस पांढरे करून पाहिले आणि जागच्या जागी हो म्हणाली. सत्तावीस वर्षांत पहिल्यांदा चेहरा, पहिल्यांदा वाक्य आणि पहिल्यांदा पडद्यावरच्या पाटीत नाव, श्रीरंग चुरी. पंधरा दिवस आमच्या घरात दुसरा विषय नव्हता. दूधवाला आला तरी हा म्हणायचा, “आता बस, जेवून जा.” एके दिवशी तो बिचारा खरंच बसला.

आता एक गोष्ट सांगते, नाहीतर पुढचं तुम्हाला कळायचं नाही.

वालीवला पुठ्ठ्याची खोकी बनवणारी कंपनी आहे, तिथे मी डिस्पॅचला आहे. सत्त्याण्णव सालीही तिथेच होते. एक दिवस लांब केसांचा एक काळासावळा माणूस टेम्पो घेऊन आला. म्हणाला, “बाद झालेली खोकी द्या, दोनशे.”

“कशाला हवीत?”

“पडायला.”

मला वाटलं, येडा आहे. मग त्याने मला समजावलं. उंचावरून उडी असली की खाली खोकी रचतात, एकावर एक, आणि वर गादी. “फक्त टेप लावू नका. हवा बाहेर गेली पाहिजे, नाहीतर माणूस फुटतो.” एवढ्या गंभीरपणे सांगत होता की मला हसूच आलं. पुढच्या आठवड्यात परत आला. मग दर आठवड्याला यायला लागला. एवढी खोकी कोणालाच लागत नाहीत हो! वर्षभरात आमचं लग्न झालं. सासूबाईंसमोर मी त्याला अहो म्हणायचे, जिना उतरला की श्री.

तो मला म्हणायचा, “संपदा, हिरोचा ठोसा हिरो मारत नाही. त्याचा हात वीतभर अलीकडेच थांबतो. त्याची ताकद दिसते ती आमच्या पडण्यात. मी पडलो नाही तर त्याचा हात हवेत फिरलेला दिसेल. समोरच्याचा ठोसा वाया घालवायचा नाही, हे आमचं इमान.” बुटाची नाडी बांधता न येणाऱ्या पोरांसाठी काळा पट्टावाला नवरा असा इमानाने पडत राहिला. मला राग यायचा. अजून येतो. रेवा, आमची मुलगी, सहा वर्षांची असताना तिला हौसेने थिएटरात नेलं. पडद्यावर हा धूळ खात पडलेला, आणि ती खुर्चीवर उभी राहून रडत ओरडतेय, “बाबा, उठा ना! उठा!” सगळं थिएटर हसलं. त्यानंतर मी त्याचा एकही पिक्चर पाहिला नाही.

दुसरी गोष्ट स्टॅनीच्या पायाची. धंद्यातल्या दुसऱ्याच वर्षी श्रीरंग मागे न बघता पडला तो थेट स्टॅनीच्या घोट्यावर. घोटा गेला. स्टॅनीचं पडणं तिथेच संपलं, म्हणून तो असिस्टंट झाला. त्याने कधी बोल लावला नाही. पण त्या दिवसापासून श्रीरंगला एक सवय लागली. ठोसा यायच्या आत डाव्या पायाची टाच मागे टेकवून बघायची. मागे मोकळं लागलं, की गुडघे सोडायचे. कोणी असलं, तर काय वाटेल ते होवो, पडायचं नाही. पंचवीस वर्षांत तो परत कोणाच्या अंगावर पडलेला नाही. ही टाच त्याच्या इतकी अंगवळणी पडली आहे की ओट्यापाशी मी डाव घेऊन पटकन वळले, तरी याची टाच मागे जाते.

तर मी कामणला पोचले तेव्हा पॅकअप झालेलं होतं. पाच टेक झाले होते आणि पाचही वेळा हा पडला होता. पहिल्या वेळी सगळे हसले म्हणे, हाही हसला. तिसऱ्याला हसणं थांबलं. दोनदा तर पाठीमागचं झोपडीचं दार घेऊनच आत गेला. पडायला सोपं जावं म्हणून सेटवरची दारं मुळात तकलादू असतात, आणि यालाच ते सगळ्यात जास्त माहीत.

ऋतिका ओरडली नाही. ती ओरडली असती तर बरं झालं असतं. ती म्हणाली, “सर, प्रेशर घेऊ नका. उद्या सकाळी पहिला शॉट तुमचाच. पण उद्या नाही जमलं तर मला दुसरे ॲक्टर बोलवावे लागतील. मी त्यांना थांबवून ठेवलंय.” तिचंही चुकलं नव्हतं काही.

श्रीरंग पांढरी दाढी लावून एका खुर्चीत बसला होता. मी दिसल्यावर त्याने मान खाली घातली. घोड्यावरून पडला तेव्हा, खांदा निखळला तेव्हासुद्धा असं तोंड झालं नव्हतं त्याचं.

“चल,” मी म्हटलं. “वाडीवर चल. दाढी इथेच ठेव.”

अर्नाळ्याच्या अलीकडे सासरची केळीची वाडी आहे. श्रीरंग पडायला शिकला तो तिथेच, सुक्या केळीच्या पानांच्या ढिगावर. स्टॅनीच्या गाडीतून आम्ही तिघं दुपारी तिथे पोचलो. मी कमरेचा पट्टा घट्ट केला. दोन वर्षांपूर्वी माझ्या मणक्याचं ऑपरेशन झालं, तेव्हापासून घरात दोन पट्टे आहेत, एक त्याचा काळा आणि एक माझा कमरेचा. ऑपरेशननंतर तीन महिने मला आंघोळ यानेच घातली, हेही सांगून ठेवते.

स्टॅनीने ठोसा मारला. श्रीरंग पडला. पुन्हा मारला, पुन्हा पडला. मग त्याला नारळाला टेकवून उभं केलं, तर बुंध्यावरून घसरत खाली बसला. पाय फाकवून बघितले. डोळे मिटून बघितले. कशाचा म्हणून उपयोग नाही.

“अरे, नुसतं उभं राहायचंय!” मी ओरडले. “लहान पोरं उभी राहतात!”

“माझ्या हातात नाहीये गं ते. ठोसा आला की गुडघे आपले आपणच सुटतात.”

“मग मी मारते. मला तर येत नाही ना मारता? माझ्यासाठी कशाला पडशील?”

आणि मी मारला. खरं सांगते, नुसता सरावाचा नव्हता तो. त्यात थिएटरातलं हसणं होतं, रेवाचं रडणं होतं, सत्तावीस वर्षं होती. माझी मूठ त्याच्या छातीला जेमतेम लागली असेल आणि हा माणूस उडाला, गिरकी घेतली आणि पाचोळ्यात उताणा पडला. इतका सुंदर पडला मेला, की माझ्या ठोशात खरंच काही दम आहे असं मलाच वाटलं. मी कपाळाला हात लावला आणि रडायलाच लागले.

तो पाचोळ्यातच बसून राहिला. केसांतली पानंही झटकली नाहीत त्याने. म्हणाला, “स्टॅनी, फोन कर. दुसरा माणूस घ्या म्हणावं. मला फक्त पडता येतं.”

“गप्प बस,” स्टॅनी म्हणाला. “उठ. अजून एकदा. माझा घोटा फुकट गेला असं व्हायला नको.”

श्रीरंग उठला. या वाक्यावर तो नेहमीच उठतो. मला ते दोघं बघवेनात. डोळे पुसताना माझा चष्मा पाचोळ्यात पडला होता, तो शोधायला मी श्रीरंगच्या मागे गेले आणि वाकले. कमरेला पट्टा असल्यामुळे वाकायला मला वेळ लागतो. तेवढ्यात स्टॅनीने ठोसा मारला.

माझ्या पोटरीला याची टाच लागली. मी वर बघितलं. तो उभा होता! पाठ ताठ, मान सरळ, हात खाली सोडलेले. त्याच्या तोंडातून ‘आह’ नाही, काही नाही. मागे झुकायला निघालेला माणूस अर्ध्यातच दगडासारखा थांबला होता.

मग स्टॅनी हळूच म्हणाला, “वहिनी, तिथेच थांब. हलू नकोस.” आणि त्याने आणखी एक मारला, चांगला सणसणीत. श्रीरंग उभा. आणखी एक. उभा. मी दोन पावलं बाजूला झाले आणि स्टॅनीने मारला, तर हा गेलाच पाचोळ्यात.

“परत ये, परत ये!” स्टॅनी नाचायला लागला, घोट्याचं भान सोडून.

मी मागे उभी असले की श्रीरंग पडत नाही. वीस वेळा केलं आम्ही. वीसही वेळा उभा राहिला.

आता मला वाटलं, प्रश्न सुटला. छे! हाच अडून बसला. “जमणार नाही,” म्हणाला. “उद्या वेदांत मारणार. आतून पॅड असलं तरी पोरगं जोरात मारतं. मी गेलो तर तुझ्यावर जाईन, मणक्यावर. परत ते ऑपरेशन, परत तो पलंग? नको मला असला पिक्चर.”

“मग पडू नकोस.”

“संपदा, चेष्टा नाही.”

“मीही करत नाहीये. तू पंचवीस वर्षांत कोणाच्या अंगावर पडला नाहीस. उद्या बायकोवर पडशील?”

“सांगता येत नाही.”

“मला येतं,” मी म्हटलं. “मी उद्या दाराच्या मागे उभी राहणार. तुला पडायचं असेल तर पड. तुझं तू बघ.”

घरी येईपर्यंत तो गाडीत ‘नको’च म्हणत राहिला. जेवताना मात्र दोन पोळ्या जास्त खाल्ल्या, तेव्हा मी ओळखलं की जाणार आहे.

दुसऱ्या दिवशी सकाळी सातला आम्ही सेटवर. नवीन दार बसवलं होतं, तसंच तकलादू. स्टॅनीने ऋतिकाला बाजूला घेऊन सांगितलं. ती माझ्याकडे बघतच राहिली. “मॅडम आत कशाला?”

“त्या नसल्या तर सर पडतात,” स्टॅनी म्हणाला.

कोणीतरी फिसकन हसलं. ऋतिका नाही हसली. तिने माझा कमरेचा पट्टा बघितला आणि विचारलं, “तुम्हाला काही झालं तर?”

“होणार नाही,” मी म्हटलं. “कॅमेऱ्यात दिसणार नाही अशी जागा तेवढी दाखवा.”

मी झोपडीत शिरले. आत झोपडीबिपडी काही नव्हती, नुसत्या फळ्यांना मागून दिलेले टेकू आणि वायरींची भेंडोळी. दार लावलं गेलं. मी दाराला जवळजवळ नाक लावून उभी राहिले. बाहेरचं मला काही म्हणजे काही दिसत नव्हतं. दाराच्या पलीकडे त्याचा श्वास तेवढा ऐकू येत होता. मी बोटाने दारावर हलकंच वाजवलं, आहे म्हणून. त्याने घसा खाकरला.

ॲक्शन झालं. वेदांतचा आरडाओरडा सुरू झाला. मग पहिला ठोसा. नुसत्या आवाजावरून कळलं की पोरगं हात राखून मारत नाहीये. दाराच्या तळाशी टाच आपटली, टक. मी डोळे मिटले. पडण्याचा आवाज मला पाठ आहे, लग्न झाल्यापासून ऐकतेय. आधी खांदा, मग पाठ, मग हाताचा तळवा. खांद्याचा आवाज आला नाही.

दुसरा ठोसा. टक. दार माझ्याकडे बोटभर झुकलं. मणका आठवला, पलंग आठवला. बाजूला व्हायला एक पाऊल पुरे होतं. मी दोन्ही तळहात दाराला लावले आणि तशीच उभी राहिले.

तिसरा ठोसा सगळ्यात मोठा. दार करकरलं, वरून भुसा माझ्या डोक्यावर पडला. टाच मात्र वाजली नाही. मला वाटलं, संपलं. आता खांदा येणार. मी श्वास धरून ठेवला. खांदा आला नाही. पाठ आली नाही. सगळीकडे शांत झालं. मग दाराच्या अगदी पलीकडून त्याचा आवाज आला. घरात दूधवाल्याला म्हणायचा तो नव्हता हा. दमलेला, थोडा घोगरा, पण पाय रोवलेल्या माणसाचा.

“झाले तीन. आता बस, जेवून जा.”

वेदांत खरंच रडायला लागला म्हणे. मला कसं दिसणार? मी आत एकटी, डोक्यावर भुसा, आणि दोन्ही गालांवर पाणी. ऋतिकाने कितीतरी वेळ कट म्हटलंच नाही. म्हटलं तेव्हा सगळा सेट ओरडला, टाळ्या, शिट्ट्या. त्या गोंधळात स्टॅनीचा आवाज सगळ्यांत मोठा होता, कोकणीत काहीतरी ओरडत होता.

आवाजवाल्याने कुरकूर केली की टाचेचा टक टक रेकॉर्ड झालाय, एक टेक अजून घेऊ. ऋतिका म्हणाली, “तो राहू दे. एकही टेक नाही घेणार मी.”

दार बाहेरून उघडलं. समोर श्रीरंग. पांढरी दाढी, छातीवरचा सदरा चुरगळलेला. सत्तावीस वर्षांत मी त्याला शॉट संपल्यावर असा उभा कधी पाहिला नव्हता. नेहमी त्याला कोणीतरी हात देऊन उठवत असायचं. त्याने आधी माझ्या कमरेकडे बघितलं, मग माझ्या तोंडाकडे.

“तिसऱ्याला टाच का नाही टेकवलीस?” मी विचारलं.

“गरज नव्हती. होतीस ना तू.” त्याला धाप लागली होती. त्याने दाराची चौकट धरली. “आता सरक गं जरा बाजूला. गुडघे गेलेत माझे. पडू दे आता मला.”

मी काही सरकले नाही.